हात लावला की चाल

धाकट्याच्या घरात बुद्धिबळाचा एकच नियम अगदी काटेकोर पाळला जाई. हात लावला की चाल. मोहऱ्याला बोट लागलं की तेच हलवायचं, मग वजीर जावो नाहीतर अब्रू. हा नियम जगात सगळीकडे आहे आणि सगळीकडे तो पटाच्या कडेला संपतो. आप्पांच्या, म्हणजे धाकट्याच्या वडिलांच्या, घरात तो पटावरून उतरून स्वयंपाकघरात गेला, तिथून दुकानात गेला आणि मग कुठे थांबायचं हे त्यालाही कळेना.

चपलेला हात लावला की ती घ्यायची, चावली तरी. पुस्तक उघडलं की संपवायचं, टेलिफोनची डिरेक्टरी असली तरी. तोंडातून गेलेला शब्द म्हणजे शिवलेलं मोहरं, असं आप्पांनी एक पोटकलमही जोडलं होतं. धाकट्याच्या आईने एकदा पाहुण्यांना "राहा की अजून थोडे दिवस" असं तोंडदेखलं म्हटलं. पाहुण्यांना नियम माहीत नव्हता, पण आप्पांना होता. पाहुणे दोनदा निघाले आणि आप्पांनी दोनदा त्यांना परत बसवलं.

यामुळे घरातली माणसं कमी बोलत आणि बरेचदा दोन्ही हात मांड्यांखाली घालून बसत. शेजाऱ्यांना वाटे, किती शांत कुटुंब.

आप्पा पुस्तकं लिहीत. बुद्धिबळाचा इतिहास त्यांनी तीन खंडांत लिहिला होता. वजीर पूर्वी तिरपा एकच घर कसा सरके आणि पुढे तो सगळ्या पटाचा धनी कसा झाला, एवढ्यावरच एक अख्खा खंड होता. डावपेचांवरचा 'प्याद्यांचं म्हातारपण' हा ग्रंथ निराळा. त्याच्या सगळ्या प्रती एकाच आठवड्यात संपल्या, कारण छापखान्याच्या तळघरात पाणी शिरलं. धाकटा त्याच छापखान्यात कामाला होता. दिवसभर तो औषधांच्या खोक्यांवरचा मजकूर जुळवी, 'लहान मुलांच्या हाती लागू देऊ नये' वगैरे, आणि संध्याकाळी घरी आप्पा सांगतील ते टंकून घेई. आप्पा विरामचिन्हांसकट सांगत. जेवायला बोलावतानाही कधीकधी त्यांच्या तोंडून पूर्णविराम निघून जाई.

सध्याचं पुस्तक या नियमाचाच इतिहास होता. शेवटचं प्रकरण तेवढं राहिलं होतं.

राहता राहिला दादा. तो राहिला नव्हता, हीच तर गोष्ट. दादा विशीत होता तेव्हा एकदा जेवताना त्याचं आणि आप्पांचं वाजलं. त्याला खेळ सोडून फ्रीज दुरुस्त करायला शिकायचं होतं. शब्दाने शब्द वाढला आणि दादा म्हणाला, "असंच असेल तर मी घर सोडून जातो."

सगळे घास थांबले. आप्पांनी वाटी खाली ठेवली. "बोललास," ते म्हणाले.

"अहो, रागात बोलला तो," आई म्हणाली.

"चुकीचं मोहरं रागातच शिवलं जातं. म्हणून तर नियम आहे."

दादाने एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. धाकट्याकडे त्याने सगळ्यात जास्त वेळ पाहिलं आणि धाकटा तेव्हा हात मांड्यांखाली घालून आमटीकडे बघत होता. मग दादा उठला. वळकटी बांधताना दोरी पुरेना, तेव्हा आप्पांनीच दुसरी आणून दिली. गाठही त्यांनीच मारली, चांगली घट्ट.

पुढे आई गेली तेव्हा दादा आला, पण आत आला नाही. आत आला असता तर चाल परत घेतल्यासारखं झालं असतं. तो रस्त्यावर उभा राहिला. आप्पांनी त्याच्यासाठी बाहेर खुर्ची पाठवली.

तर अशा या आप्पांच्या उजव्या पायाचा अंगठा काळा पडला. साखर जुनीच होती. नख काढताना जरासं लागलं होतं, ते चिघळलं. आप्पांनी ते कोणाला दाखवलं नाही, कारण दाखवलं असतं तर डॉक्टरकडे जावं लागलं असतं. धाकट्याच्या बायकोला वास आला. ती सरळ रिक्षा घेऊन दारात आली आणि म्हणाली, "आप्पा, बसा. मी रिक्षाला हात लावलाय."

ही सून आप्पांना त्यांच्याच भाषेत पकडायला शिकली होती. लग्नाआधी ती एकदा सहज घरी आली होती आणि चप्पल काढताना तोल जाऊन तिने धाकट्याचा खांदा धरला होता. आप्पा तेव्हा पटावरून मान वर न करता म्हणाले होते, "झालं."

रुग्णालयात आप्पांना खिडकीजवळची खाट मिळाली. शेजारच्या खाटेवर बसचे एक निवृत्त ड्रायव्हर होते. त्यांचं पोट बिघडलं होतं, मूड नाही. आप्पांनी चुंबकाचा छोटा पट सोबत आणला होता. तो पोटावर ठेवून ते पडल्या पडल्या स्वतःशीच खेळत.

दुसऱ्या दिवशी सकाळी सर्जनबाई फेरीवर आल्या. तरुण होत्या, घाईत होत्या, पण वाईट नव्हत्या.

"आजोबा, काळं वर सरकतंय. पाय काढावा लागेल. आज केलं तर गुडघ्याखालून भागेल. उद्याचं मी सांगू शकत नाही. तयार आहात ना?" आणि जखम बघायला जागा व्हावी म्हणून त्यांनी आप्पांच्या पोटावरचा पट उचलला. चुंबक जुने झाले होते. काळा हत्ती सुटला आणि घरंगळत गादीखाली गेला.

"नाही!" आप्पा ओरडले.

ते हत्तीला उद्देशून होतं. धाकट्याला कळलं, सुनेला कळलं, ड्रायव्हरलाही कळलं, कारण ते हत्ती शोधायला खाटेवरून अर्धे खाली लोंबकळले. पण प्रश्न पायाचा विचारलेला होता आणि उत्तर दिलं गेलं होतं. आप्पांचा चेहरा हळूहळू पांढरा झाला. धाकट्याला तो चेहरा लहानपणापासून ओळखीचा होता. मोहऱ्यावर बोट टेकल्यावर, उचलायच्या आधी, जेव्हा समोरचा सापळा दिसतो, तेव्हाचा.

"नीट विचार करून सांगा," सर्जनबाई म्हणाल्या. "मी दुपारी येते."

"विचार आधी करायचा असतो," आप्पा पुटपुटले. त्या तोवर पुढच्या खाटेशी पोचल्या होत्या.

"आप्पा," धाकटा म्हणाला, "तुम्ही हत्तीला नाही म्हणालात."

"प्रश्न हत्तीचा नव्हता."

"तुम्हाला मरायचंय का?"

"छे. एक प्रकरण राहिलंय." आप्पांनी चादरीची कड मुठीत धरली होती. "मला अजिबात मरायचं नाहीये रे."

"मग हो म्हणा!" सून म्हणाली.

"बोललेलं परत घेऊ?"

"घ्या की! कोण विचारतंय?"

ड्रायव्हरांना हत्ती सापडला होता. तो देता देता ते म्हणाले, "काका, मी जन्मभर बस रिव्हर्स घेतली. कोणी मेलं नाही. म्हणजे एक जण मेला, पण तो रिव्हर्समुळे नाही."

आप्पा धाकट्याला म्हणाले, "मी आज माझी चाल परत घेतली, तर तुझा दादा कशासाठी गेला?"

ड्रायव्हरांनी या वेळीही तोंड उघडलं, पण रिव्हर्सचं उदाहरण इथे चालेना.

धाकटा औषधांच्या खोक्यांवरचा बारीक मजकूर वाचून वाचून तयार झालेला माणूस होता. पळवाट कायम बारीक अक्षरात असते, हे त्याला ठाऊक होतं. त्याने डोकं चालवलं.

"आप्पा, चौथ्या प्रकरणात तुम्हीच सांगितलंय. हात लावला म्हणून चाल करायला लावायची, तर तशी मागणी समोरच्याने करायची असते. समोरच्याने सोडून दिलं तर सुटतं."

"सांगितलंय," आप्पा म्हणाले. त्यांचे डोळे जरा जिवंत झाले.

"मग या डावात समोर कोण आहे?"

आप्पांना विचार करावा लागला नाही. "तोच."

"दादाने हरकत नाही म्हटलं तर?"

"तर मला मोकळीक आहे. बोलाव त्याला. लवकर बोलाव."

धाकट्याने जिन्यात जाऊन फोन लावला. सून मागोमाग आली. "तुमच्या घरात माणूस शेवटच्या घटका मोजत असला तरी आधी पंच बोलावतील," ती म्हणाली. मग तिने पदराने डोळे पुसले आणि म्हणाली, "सांगा, टॅक्सी करून या म्हणावं."

दादा दुपारी आला. सुटला होता, केस गेले होते, नखांत काळं तेल होतं. खोलीत न जाता तो बाहेरच्या बाकावर बसला आणि बसल्या बसल्या त्याचे दोन्ही हात मांड्यांखाली गेले. धाकटा शेजारी बसला. त्याचेही गेले.

"काही म्हणायचं नाही तुला," धाकटा म्हणाला. "फक्त 'माझी हरकत नाही' एवढंच. तीन शब्द."

"घरचे बरे आहेत?"

"बरे आहेत. दादा, तीन शब्द."

"माझ्याकडे तीन कुत्री आहेत," दादा म्हणाला. "पोरीने दुकानाबाहेर तिघांनाही कुरवाळलं. मी म्हटलं, हात लावलास ना, आता घरी ने. मला कुत्री आवडत नाहीत. एक तर फक्त मलाच चावतं."

त्याला आतापर्यंत वाटत होतं की दादावर अन्याय झाला, म्हणून दादा माफ करेल किंवा चिडेल. दादा नियम पाळत असेल, हे त्याच्या डोक्यातच आलं नव्हतं.

"तू पण?"

"मग? मी काय धरून जगलो असेन इतकी वर्षं?" दादा हळू आवाजात बोलत होता, जणू फ्रीजमधला बिघाड समजावून सांगतोय. "बापाने मला हाकललं नाही. नियम होता. दोरी आणून दिली, तोही नियम होता. आईचं तोंड मी रस्त्यावरून बघितलं, खुर्चीवर उभं राहून, मधे लोकांची डोकी. तरी आत गेलो नाही. आता तो म्हणतो की चाल परत घेता येते? मग तेव्हा का नाही आली? सांग ना. परत घेता येत असेल, तर मग ते नुसतं हाकलणंच झालं."

"दादा, ते मरतील."

"हो."

दादाचं नाक वाहायला लागलं. त्याने ते पुसलं नाही, कारण हात खाली होते. समोरून जाणाऱ्या एका नर्सने थांबून त्याला कापसाचा बोळा दिला. तो त्याच्या मांडीवर तसाच पडून राहिला.

मग तो उठून आत गेला. ड्रायव्हरांनी सभ्यपणे भिंतीकडे तोंड केलं आणि कान इकडे ठेवले.

"आलास," आप्पा म्हणाले.

"आलो."

"काम?"

"फ्रीजच. आता एसी पण."

"बरं चाललंय?"

"उन्हाळ्यात बरं चालतं."

आप्पांनी मान हलवली. त्यांना ताप चढत होता, ओठ कोरडे पडले होते. "तू मागणी करतोस का?" त्यांनी विचारलं. आवाज खेळाडूचा होता, पण नजर हो म्हणू नकोस म्हणत होती. एवढी उघडी नजर त्या घरात कोणी कधी पाहिली नव्हती. धाकट्याला वाटलं, आता दादा विरघळेल. कोणीही विरघळलं असतं.

"करतो," तो म्हणाला.

आप्पांनी डोळे मिटले. मिटल्या डोळ्यांतून पाणी कानाकडे ओघळलं. आणि त्यांनी दादाचा हात शोधून थोपटला. "शाब्बास," ते म्हणाले.

धाकटा खाटेच्या पायथ्याशी उभा होता. त्याने आप्पांची पाच पुस्तकं टंकली होती, त्यांच्या आकृत्या जुळवल्या होत्या, खाटेशी रात्र जागून काढली होती. शाब्बास हा शब्द त्याने आप्पांच्या तोंडून याआधी एकदाच ऐकला होता, आणि तो एका उंटाला होता.

सर्जनबाई दुपारी आल्या तेव्हा आप्पांनी पुन्हा नाही सांगितलं, या वेळी शांतपणे. बाईंनी समजावलं, त्या रागावल्या, गेल्या. दिवस कलता कलता आप्पा बरळायला लागले. आधी चाली बरळले, मग नुसती विरामचिन्हं. मग काहीच नाही. सर्जनबाई धावत आल्या, पापणी उघडून बघितली आणि तिघांना बाहेर बाकाशी घेऊन आल्या.

"आता त्यांना विचारून उपयोग नाही. तुम्ही मुलं ना? गुडघा गेला, आता मांडीतून काढावा लागेल. वाचतील असं मी म्हणत नाही, पण नाही काढला तर उजाडेपर्यंत काही उरणार नाही. काय करायचं ते सांगा. भांडायचं असेल तर भांडून घ्या, पण उभ्या उभ्या."

"त्यांनी नाही सांगितलंय," दादा म्हणाला. "शुद्धीत सांगितलंय. दोनदा."

हे खरं होतं. सर्जनबाईंनी धाकट्याकडे पाहिलं. धाकटा बाकावर बसला होता. हात कधीच बधिर झाले होते, कोपरापर्यंत मुंग्या आल्या होत्या. आप्पांनी लहानपणी शिकवलं होतं, हात खाली ठेव, सगळ्या चाली बघून घे. तो सगळ्या चाली बघत होता. हो म्हटलं आणि आप्पा गेले, तर त्यांचा शब्द मोडून त्यांना मारलं. हो म्हटलं आणि आप्पा जगले, तर ते कधीच माफ करणार नाहीत. नाही म्हटलं, तर त्याला शाब्बास म्हणायला आप्पा उरणार नाहीत, पण निदान दादा म्हणेल. हिशेबाने नाही हीच बरी चाल होती. कुठलंही पुस्तक उघडा.

"अहो," बायको म्हणाली, "हात बाहेर काढा आधी."

धाकट्याने हात बाहेर काढले. ते त्याचे वाटतच नव्हते.

"काढा पाय," तो सर्जनबाईंना म्हणाला.

त्या वळून चालायला लागल्या, जवळजवळ पळतच. दादा जागचा हलला नाही. "तुझी पाळी नव्हती," तो म्हणाला.

"माहीत आहे," धाकटा म्हणाला. "माझी आली कधी?"

आप्पा जगले. काही दिवस ते डोळे उघडून नुसते पडून होते, आणि चादर उजवीकडे सपाट होती. ड्रायव्हर बरे होऊन घरी गेले. जाताना ते आप्पांना म्हणाले, "काका, डाव चालू आहे बघा अजून." मग एका सकाळी धाकटा त्यांना पेज भरवत असताना त्यांनी विचारलं, "कोणी?"

"मी."

आप्पांनी तोंडातला घास गिळला. "हरलो असतो," ते म्हणाले. "पण डाव माझा होता."

पुढचा चमचा त्यांनी घेतला नाही. त्यानंतर धाकट्याच्या हातून त्यांनी काहीच घेतलं नाही. पाणी सुनेच्या हातून घेत आणि तिला थँक्यू म्हणत, जे त्या घरात याआधी कोणी कोणाला म्हटलं नव्हतं.

सुट्टी मिळाली त्या दिवशी दादा टेम्पो घेऊन आला. दादाला या घरी येता येत नव्हतं, पण आप्पांना तिकडे जाता येत होतं. त्याबद्दल कधी कोणी काही बोललेलं नव्हतं. आप्पांनी पट मागितला, तीन खंड मागितले, दाढीचं सामान मागितलं. चाकांची खुर्ची टेम्पोत चढवताना धाकटा पुढे झाला, तर आप्पा म्हणाले, "दादा आहे." दादाने एकट्यानेच चढवलं. फ्रीज चढवायची सवय होती त्याला. दोरीने खुर्ची बांधून घेतली, गाठ मारली आणि जाता जाता धाकट्याला म्हणाला, "येत जा कधी." म्हणाला आणि तोच दचकला. बोलून बसला होता.

धाकटा मात्र कधी गेला नाही. त्याला आप्पांनी बोलावलं नव्हतं.

घरात आता कोणतीही गोष्ट शिवून परत ठेवता येत होती. बायकोने दुकानात सहा साड्या उलगडून बघितल्या आणि एकही घेतली नाही. घरी येऊन ती म्हणाली, "मजा नाही आली हो." आप्पांच्या खोलीत धाकट्याने खोक्यांचे नमुने ठेवायला सुरुवात केली, मग उचलून परत बाहेर आणले, मग पुन्हा आत ठेवले. त्याला कोणी अडवत नव्हतं.

आणि मग फोन आला. प्रकरण राहिलं होतं ना. दादाला टंकता येत नव्हतं.

"लिही," आप्पा म्हणाले. कसा आहेस नाही, काही नाही. "जुन्या काळी काही ठिकाणी चुकीच्या चालीला वेगळी शिक्षा असे अर्धविराम समोरचा म्हणाला तर राजा हलवावा लागे पूर्णविराम."

धाकट्याने लिहिलं. तेव्हापासून दर रविवारी फोन येऊ लागला. आप्पा सांगत, धाकटा लिही, शेवटचा पूर्णविराम झाला की फोन ठेवला जाई. धाकटा प्रत्येक वाक्य दोनदा वाचून बघे. त्यात आपल्यासाठी काही आहे का, हे शोधी. नव्हतं. ते खरोखरच नियमाच्या इतिहासाबद्दल होतं आणि चांगलं होतं.

प्रकरण संपत आलं, तसा धाकटा घाबरला. मुद्दाम हळू लिहायला लागला. "पुन्हा सांगा," म्हणू लागला. आप्पा पुन्हा सांगत, त्याच शब्दांत, त्याच विरामचिन्हांसकट. एका रविवारी, दोन वाक्यांच्या मधे, त्याच्याने राहवलं नाही.

"आप्पा, दुखतं का हो?"

धाकट्याला वाटलं, फोन ठेवला. पण श्वास ऐकू येत होता.

"दुखतं," आप्पा म्हणाले. "जो नाही तोच पाय दुखतो. अंगठा." आणि लगेच म्हणाले, "हे पुस्तकात घालायचं नाही."

"नाही घालत."

"मग लिही. नवा परिच्छेद."

धाकट्याने नवा परिच्छेद केला आणि बोटं कळांवर ठेवून वाट पाहिली. आप्पांनी पुढचं वाक्य सांगितलं नाही आणि फोनही ठेवला नाही.